पाठमोऱ्या टॅडची पाटी

टिपल क्रीक गावात शिरताना उजव्या हाताला एक पाटी लागते. 'कर्ट व्होज्निकचं गाव.' बाहेरच्या माणसाला वाटावं, या कर्टनं काय दिवे लावले असतील! तर त्यानं काय केलं? अमेरिकन फुटबॉलच्या सगळ्यात मोठ्या लीगमध्ये दोन वर्षं बाकावर बसून पँटची बैठक झिजवली. खऱ्या सामन्यांत त्याला एकूण अकरा चेंडू फेकायला मिळाले, त्यातले चार समोरच्या संघानं झेलले. पण तो पडला चेंडू फेकणारा, म्हणजे खेळातला सगळ्यात मानाचा गडी, अंगानं उंच, दात पांढरेशुभ्र. त्यामुळे गावानं पाटी लावली. आता तो मोटारी विकतो आणि दुकानावर स्वतःचाच फोटो लावतो.

बर्निस हुडाक त्या पाटीजवळ आली की गाडीचा वेग वाढवायची. सत्तरी ओलांडली होती, गुडघे कुरकुरत होते, पण त्या वळणावर तिची जुनी गाडी वाऱ्यासारखी सुटायची. कारण तिचा मुलगा टॅड त्याच लीगमध्ये होता. हॅमर्स संघात. दोन वर्षं नाही, चौदा. आणि चौदा वर्षांत त्याच्या नावाची पाटी सोडा, गावच्या चहाच्या कपावरसुद्धा कुणी त्याचं नाव छापलं नाही.

त्यात टॅडचं कामच तसलं. लाथ मारून गोल करायची वेळ आली की टॅड मैदानात येतो, चेंडूवर ओणवा होतो, स्वतःच्या दोन पायांमधून उलटं बघतो आणि चेंडू मागे भिरकावतो. मागे गुडघा टेकून बसलेला एक जण तो झेलतो, जमिनीवर उभा धरतो, तिसरा धावत येऊन लाथ घालतो. झालं. दोन सेकंदांचं काम. मग टॅड बाहेर येऊन पाणी पितो. टीव्हीवर कॅमेरा मागून असतो, त्यामुळे चौदा वर्षं साऱ्या अमेरिकेनं टॅड हुडाकचं बूड पाहिलं, तोंड कुणी पाहिलं नाही.

"निदान ते तरी दिसतं," जिनेव्हा व्होज्निक एकदा म्हणाली होती. "मोठं आहे ना."

जिनेव्हा ही कर्टची आई. चर्चच्या तळघरात शुक्रवारी पिरोगी, म्हणजे बटाट्याच्या नाहीतर कोबीच्या सारणाच्या उकडलेल्या करंज्या, करायला जमणाऱ्या बायकांत तीही होती. तिथली सत्ता मात्र बर्निसकडे. पीठ किती मळायचं, बटाटा किती कुस्करायचा, कांदा लोण्यात कधी टाकायचा, हे सव्वीस वर्षं बर्निसच सांगत आली. जिनेव्हाला तिनं कांदे चिरायला बसवलं होतं. सव्वीस वर्षं कांदेच.

बर्निसनं वळलेली पिरोगी कुणीही ओळखावी. तिच्या उजव्या हाताची करंगळी वाकडी, त्यामुळे कडेला शेवटची चिमटी तिरपी पडते. ती करंगळी टॅडनंच मोडली. तेरा वर्षांचा टॅड जाडा होता, पळता येत नव्हतं, झेलता येत नव्हतं. शाळेचा कोच म्हणाला, "याला घरी न्या, नाहीतर गोलाचा खांब म्हणून उभा करा." मग पोरानं हे उलटं फेकायचं काम धरलं. बाप खाणीत दुहेरी पाळी करायचा, म्हणून गॅरेजमागे गुडघा टेकून चेंडू झेलायला आईच बसायची. चार वर्षं. थंडीत चेंडू दगडासारखा येई.

"आई, शिवण कुठे आली?"

"माझ्याकडे."

"मग चुकलं. शिवण पुढे, गोलाकडे पाहिजे. लाथ मारणाऱ्याच्या पायाला शिवण लागली तर चेंडू वाकडा जातो."

चेंडूच्या एका अंगाला पांढऱ्या दोरीची जाड शिवण असते. हवेत किती गिरक्या घेतल्या की ती झेलणाऱ्याच्या हातात बरोबर पुढे येऊन बसेल, याचा हिशोब टॅडनं बोटांत मुरवला. करंगळी मोडली तेव्हाही बर्निस आधी बोलली ती, "पुढे होती," आणि मग किंचाळली.

तर जानेवारीतला तो सामना. हॅमर्स दोन गुणांनी मागे, घड्याळात चार सेकंद, एका लाथेवर सगळं. शिवाय टॅडचा करार मार्चमध्ये संपत होता. वय सदतीस. संघानं शरद ऋतूतच एक बावीस वर्षांचा पोरगा बघून ठेवला होता, त्याच्या दंडावर गरुड गोंदलेला. टॅडला फक्त एक वर्ष आणखी पाहिजे होतं. "पंधरा झाली की मी आपणहून उभा राहतो सरळ," तो म्हणायचा.

टॅड वाकला. चेंडू गेला. लाथ बसली. चेंडू डावीकडे वळला तो वळलाच, खांबाबाहेर जाऊन एका म्हाताऱ्याच्या कॉफीत पडला.

आणि टीव्हीवरचा बोलका गडी ओरडला, "हुडाक! टॅड हुडाकनं चेंडू वाकडा दिला!"

चौदा वर्षांत पहिल्यांदा नाव आलं. बर्निस खुर्चीतून उठली ती खुशीनं की रागानं, तिलाच कळेना.

पण तिची भाची मार्लिस तिथे होती, तिनं सामना रेकॉर्ड करून ठेवला होता. बर्निसनं तिला तो तुकडा मुंगीच्या पावलानं दाखवायला लावला. एकदा, दोनदा, सतरादा.

"थांबव. इथे बघ. चेंडू हातात आला. शिवण कुठे आहे?"

"पुढे आहे, मावशी."

"आता पुढचं."

पुढच्या चित्रात झेलणारा ब्राइस चेंडू फिरवत होता. नीट आलेला चेंडू त्यानं फिरवला आणि शिवण थेट पायासमोर आणून ठेवली. ब्राइस यंदाच संघात आलेला. कॉलेजात त्याच्या जोडीदाराचा प्रत्येक चेंडू उलटाच यायचा, त्यामुळे प्रत्येक चेंडू फिरवायची हाताला सवय. चार सेकंद उरलेले, साठ हजार माणसं बोंबलतायत, पोरगा घाबरला आणि हात जुन्या घरी परतला.

बर्निसनं टॅडला फोन लावला.

"चूक त्या ब्राइसची आहे. मी उद्या रेडिओवाल्यांना सांगते."

"आई, तू काही सांगायचं नाहीस."

"का? तुझं नाव मातीत गेलं!"

"आम्ही तिघं असतो. फेकणारा, धरणारा, मारणारा. बाहेर एकानं दुसऱ्याचं नाव घ्यायचं नाही, ही आमच्यातली रीत आहे. आई बोलली तर मीच बोललो असं धरतात. मग मला हॅमर्समध्येच काय, कुठेही कुणी घेणार नाही."

"आणि तो ब्राइस? त्याला जीभ नाही?"

"त्याला नुकतंच बाळ झालंय. रात्रभर रडतोय."

"बाळ?"

"ब्राइस."

बर्निसनं फोन ठेवला. तिच्या आयुष्यात तिला गप्प बस म्हणणारे दोघेच झाले. एक नवरा, तो लवकर गेला. दुसरा हा.

मग लेंट, म्हणजे ईस्टरआधीचा उपासाचा काळ, सुरू झाला, पिरोगीचे शुक्रवार आले, आणि गाव तळघरात रांगेत उभं राहून बोलू लागलं. चौदा वर्षं ज्यांना टॅड काय करतो ते ठाऊक नव्हतं, ते आता त्याच्या कामातले पंडित झाले. पेट्रोल पंपावरचा एल्डन, ज्याला स्वतःची पँट वर ठेवता येत नाही, तो मनगट कसं वळवावं ते दाखवत होता. न्हाव्यानं सांगितलं, वयानं कंबर जाते. फादर रोमन म्हणाले, आपण क्षमा केली पाहिजे. बर्निसनं त्यांच्या ताटलीत एक पिरोगी कमी घातली.

"अगं, वाईट वाटून घेऊ नकोस," जिनेव्हा कांद्यावरून म्हणाली. "कर्टच्या हातूनसुद्धा चेंडू गेले होते."

"चार," बर्निस म्हणाली.

"पण त्यानं कुणाला हरवलं नाही."

"अकरा चेंडूंत कोण हरतंय?"

पण त्यापुढे ती गेली नाही. जे बोलायचं होतं ते जिभेच्या मुळाशी निखाऱ्यासारखं धरून ती पीठ मळत राहिली. त्या शुक्रवारी पीठ इतकं तिंबलं गेलं की पिरोगी रबरासारख्या झाल्या. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा परत आल्या.

पुढच्या शुक्रवारी शहरातून रेडिओवाला आला. गळ्यात मफलर, हातात माइक, बूट असे की खाणीच्या गावात कुणी घालू नयेत. सगळं तळघर माना वळवून बघू लागलं. काटेचमचे ताटल्यांतच राहिले.

"मिसेस हुडाक, तुमच्या मुलाच्या एका चुकीनं हॅमर्सचं वर्ष वाया गेलं. आई म्हणून काय सांगाल?"

"बटाट्याच्या देऊ की कोबीच्या?"

"अं? बटाट्याच्या. पण चूक त्याचीच होती ना?"

"सांग ना, बर्निस," जिनेव्हा म्हणाली. "एरवी तर तुझ्या तोंडाला झाकण नसतं."

बर्निसनं तोंड उघडलं. ब्राइसचं नाव ओठावर येऊन बसलं होतं. सतरा वेळा बघितलेली ती शिवण डोळ्यांसमोर होती. नुसतं एक वाक्य, आणि ही सगळी रांग खाली मान घालून कोबी चावत बसली असती. तिच्या हातात एक पिरोगी होती, कडेची शेवटची चिमटी राहिली होती. तिनं वाकड्या करंगळीनं ती घातली. फार जोरात घातली, सारण बाहेर आलं.

"चेंडू खांबांमधून गेला नाही," ती म्हणाली. "तुम्हाला दिसलं, मलाही दिसलं. लोणी वर घालू की बाजूला?"

संध्याकाळी रेडिओवर लागलं, "आईनंही मुलाची बाजू घेतली नाही." जिनेव्हानं रेडिओ मोठा करून रस्त्याकडच्या खिडकीत ठेवला. बर्निसनं आपली खिडकी लावून घेतली, आणि मार्लिस म्हणते, त्या दिवशी मावशी जेवली नाही. मावशी म्हणते, लेंटचा उपास होता.

मार्चच्या मधोमध टॅडचा फोन आला.

"आई, मिळालं. एक वर्ष."

"आणि तो गरुडवाला पोरगा?"

"त्याला सोडला. कोच म्हणाला, चेंडू नीट होता ते आम्ही दुसऱ्याच दिवशी सकाळी फिल्मवर बघितलं."

"दुसऱ्या दिवशी?" बर्निस ओरडली. "मग दोन महिने त्या मेल्याच्या तोंडात काय होतं?"

"तो बघत होता मी काय बोलतो. मी, तू, घरचे. त्यानं तुझं रेडिओवरचं तीनदा ऐकलं. म्हणाला, ज्याची आई इतकं तोंड मिटून बसते त्याच्यावर भरवसा ठेवायला हरकत नाही."

बर्निस एवढी हसली की तिला ठसका लागला. तिला मिटल्या तोंडाची म्हणणारा पृथ्वीच्या पाठीवर तो एकच माणूस निघावा.

आता करार झाला, तशी ब्राइसलाही जीभ फुटली. त्यानं आपणहून रेडिओवर जाऊन सांगितलं, "चेंडू बरोबर होता. मी फिरवला. हुडाकनं मला एका शब्दानं दोष दिला नाही." झालं! गावाचं तोंड एका रात्रीत उलट्या दिशेला फिरलं. एल्डन म्हणाला, "मी पहिल्यापासून म्हणत होतो, मनगट छान आहे." न्हावी म्हणाला, अनुभवाला पर्याय नाही. फादर रोमन म्हणाले, सत्याचा विजय होतो, आणि ताटली पुढे केली.

लेंटच्या शेवटच्या शुक्रवारी महापौर ड्वेन स्क्लार दोन माणसांच्या हाती काहीतरी लांबलचक देऊन तळघराच्या जिन्यानं खाली उतरला. वर चादर. हात पुसत त्यानं ती ओढली.

'टिपल क्रीक — टॅड हुडाकचं गाव.'

निळा रंग, पांढरी अक्षरं, एका कोपऱ्यात चेंडू. टाळ्या पडल्या. जिनेव्हाच्या हातातली सुरी कांद्यावरच थांबली.

"बर्निस, तुला चौदा वर्षं हेच पाहिजे होतं ना?" ड्वेन म्हणाला. "जुनी उद्या काढतो."

बर्निस जवळ गेली. अक्षरांवरून करंगळी फिरवली. रंग अजून थोडा ओला होता, तो बोटाला लागला. ती बराच वेळ बघत राहिली, इतका की चुलीवरचं पाणी उकळून सांडलं आणि मार्लिसला धावावं लागलं.

"छान आहे," ती म्हणाली. "चादर घाल आणि घेऊन जा."

"घेऊन जा? का?"

"त्याला अजून एक वर्ष वाकायचंय. चौदा वर्षांत त्याचं नाव एकदाच घेतलं गेलं आणि काय झालं ते तुम्ही सगळ्यांनी पिरोगी खात खात बघितलं. तो सरळ उभा राहिला, मैदानातून कायमचा बाहेर आला, की मग लावा. तोवर नाव नको."

"मग रस्त्यावर रिकामी जागा ठेवायची?"

"रिकामी कशाला?" बर्निस पुन्हा पिठाकडे वळली. "कर्टची राहू दे. त्याला गरज आहे."

तळघरात कुणी हसलं नाही. हसायची हिंमत नव्हती. जिनेव्हाचे डोळे भरून आले होते, पण तिच्यापुढे कांदे होते, त्यामुळे कुणाला काही म्हणता येईना.

"बारीक चीर गं," बर्निस म्हणाली. "मागच्या शुक्रवारी जाड झाले होते."