कपाळ खोटं बोलत नाही

माझं चष्म्याचं दुकान आहे आणि माझ्या बायकोनं डोळ्यांना लेझर करून चष्मा घालवला. पिकतं तिथं विकत नाही म्हणतात, ते असं. तिचा पहिला चष्मा सोडला तर पुढचे सगळे मी केले. काच घासली, फ्रेम तिच्या नाकावर बसवली, कानामागची काडी वाकवून दिली. आधी ती माझी गिऱ्हाईक होती, मग बायको झाली. तिनं लेझरचं नाव काढलं तेव्हा मी म्हटलं, उद्या न्हाव्याच्या बायकोनं कायमचं टक्कल करून घ्यावं तसं झालं हे. ती हसली, पण कपाळावरची आठी तशीच राहिली. ती आठी कधीच जात नसे. खरी गोष्ट त्या आठीचीच आहे.

माझे सासरे जन्मापासून बहिरे. त्यांना कोणी शाळेत घातलं नाही, त्यामुळे सहीपुरतंच अक्षर. सारं आयुष्य लाकडाच्या वखारीत मोठ्या करवतीवर गेलं. त्या आवाजानं बाकीच्या कामगारांचे कान जायला लागले तेव्हा हे त्यांना खुणेनं म्हणायचे, या, उशिरा का होईना, माझ्या शाळेत नाव घातलंत. सासूबाई ऐकू येणाऱ्या. त्यांनी, बाबांनी आणि एकुलत्या एका लेकीनं मिळून घरातल्या घरात एक खुणांची बोली तयार केली. ती त्या दोन खोल्यांबाहेर कुठे चालत नव्हती. सासूबाई गेल्यावर ती बोली येणारी माणसं दोनच उरली. मी तिसरा, पण माझं बोलणं म्हणजे तीन वर्षांच्या पोराचं.

त्या बोलीत हात नुसती बातमी सांगायचे. मनात काय आहे ते कपाळ सांगायचं. बाबांचा नियम साधा होता. हात काहीही म्हणोत, विश्वास कपाळावर ठेवायचा. लहानपणी ही हातानं सांगायची, दूध प्यायले. बाबा हिच्या कपाळाकडे बघून पेला पुन्हा पुढे सरकवायचे. हिचं नावसुद्धा तिथलंच. जन्मली ती म्हणे कपाळाला आठी घालूनच, तेव्हा बाबांनी आपल्या दोन भुवयांच्या मधोमध दोन बोटांनी चिमूट काढून दाखवली. तेच तिचं नाव पडलं. शाळेच्या दाखल्यावर दुसरं काही असेल, बाबांच्या लेखी ती चिमूटच.

चाळीस-पंचेचाळीस वर्षं कपाळानं बोलल्यावर त्या कपाळाचं काय होणार? तीन आडव्या रेघा आणि भुवयांमध्ये दोन खोल उभ्या. लोकांची मातृभाषा जिभेवर असते, हिची पितृभाषा कपाळावर कोरली गेली होती.

ही विम्याच्या कचेरीत समोरच्या खिडकीवर बसायची. माणसांत बसायची हिला फार हौस. मग नवे साहेब आले. त्यांनी गोड शब्दांत सांगितलं, की लोकांना तुम्ही सतत वैतागलेल्या वाटता, आणि हिला आतल्या खोलीत, भिंतीकडे तोंड करून बसायचं काम दिलं. त्या संध्याकाळी हिनं मला विचारलं, "मी चिडलेली दिसते का हो?" मी म्हटलं, माझ्याशी बोलताना दिसतेस, पण त्याला कारण असतं. विनोदाची ती वेळ नव्हती. रात्रभर तिनं भिंतीकडे तोंड केलं, आणि यावेळी साहेबांनी सांगितलं नव्हतं.

मग तिनं मनावर घेतलं. एका इमारतीत खाली डोळ्यांचा दवाखाना आणि वर त्वचेचा. चष्माही घालवायचा, रेघाही घालवायच्या, दोन्ही एकदमच उरकून टाकू असं तिचं म्हणणं. डोळ्यांच्या डॉक्टरांनी सांगितलं, एकाच दिवशी नाही. आधी कपाळाची इंजेक्शनं घ्या, ती नीट बसू द्या, पापणी उतरत नाही ना ते बघू, मग लेझर. लेझरनंतर मात्र काही दिवस डोळ्याला कोणाचाही हात लागता कामा नये, चोळणं तर दूरच. सगळं त्यांनी सांगितलं तसं झालं. इंजेक्शनांनी कपाळ गुळगुळीत झालं, लेझरनं लांबचं लख्ख दिसू लागलं. कोणाचंही काहीही चुकलं नाही. हे मुद्दाम सांगतो, कारण पुढे मला कोणावर तरी चिडायचं होतं आणि चिडायला माणूस सापडेना.

खोटं कशाला बोलू, ती छान दिसत होती. भांडणात तेवढे माझ्या नाकी नऊ आले. ही खरंच रागावली आहे की नुसतं बोलते आहे, काही थांग लागेना. मी तिला म्हटलंसुद्धा, समोर बंद दुकानाचं शटर बघितल्यासारखं वाटतं. ती हसली. कपाळ हललं नाही.

लेझरला आठवडाही झाला नव्हता आणि बाबा वखारीतल्या जुन्या दोस्तांत बसलेले असताना कोसळले. इंजेक्शनांपासून दवाखान्याच्या फेऱ्यांत हिचं त्यांच्या खोल्यांवर जाणं झालं नव्हतं. तपासण्या होईपर्यंत आम्हाला आत सोडलं नाही. यकृत पार गेलं होतं. डॉक्टरीणबाईंनी आम्हाला बाजूला घेऊन सांगितलं, की आता इलाज नाही, थोडे आठवडे आहेत. इथे शेवटच्या आजारपणाचा वॉर्ड आहे तिथे राहू देत, किंवा घरी न्या. ते शुद्धीवर आहेत, त्यांनाच विचारा.

हिचं ठरलेलंच होतं. मी त्याच दुपारी मागच्या खोलीतलं काच घासायचं यंत्र दुकानात हलवलं, म्हणजे खिडकीखाली पलंग बसेल. हिनं धुतलेल्या चादरी काढल्या. माझ्या घरातून बाबा जातील, असं ती मला तीनदा म्हणाली.

आम्ही वॉर्डात गेलो तेव्हा बाबा उशीला टेकून बसले होते. त्यांची एक जुनी सवय होती. लेक भेटली की आधी तिच्या नाकावरचा चष्मा काढायचा, आपल्या सदऱ्याच्या टोकानं पुसायचा आणि परत घालायचा. त्यांनी हात वर केला. चष्मा नव्हता. हात तसाच हवेत थोडा वेळ राहिला, मग त्यांनी तो मांडीवर ठेवला. चष्मा गेला हे त्यांना चाललं असतं. पण मग त्यांनी तिच्या कपाळाकडे पाहिलं, आणि बघतच राहिले.

हिनं हातांनी सांगितलं, घरी चला. खोली तयार आहे. मला तुम्ही हवे आहात. मला एवढी बोली येते. बाबांनी हात पाहिलेच नाहीत, ते कपाळ बघत होते. मग हसले, गादीवर दोनदा थापटलं. इथे बरं आहे.

हिनं पुन्हा सांगितलं. हात मोठे केले, जोरात केले. लेझरनंतर डोळे कोरडे पडत म्हणून ती दर थोड्या वेळानं थेंब घालायची. आल्या आल्याही बाबांसमोर तिनं घातले होते, आणि बाटली अजून मुठीत होती. आता तिचे डोळे खरेच भरून आले, पाणी गालावर उतरलं. बाबांनी ते पुसायला अंगठा पुढे केला. ती झटकन मागे सरली. डोळ्याला हात लागू द्यायचा नाही हे इतकं अंगवळणी पडलं होतं, की विचार करायच्या आतच मान मागे गेली. बाबांनी हात आवरला. तिच्या मुठीतल्या बाटलीकडे बघितलं, आणि हे पाणी त्यातलंच, समजलं, अशी मान हलवली.

ती नर्सशी बोलायला बाहेर गेली, तेव्हा बाबांनी मला जवळ बोलावलं. भुवयांमध्ये चिमूट काढली, म्हणजे ती. मग पंजा कपाळावरून पुसून नेला. तिथे काही नाही. हात म्हणतायत या, कपाळ म्हणत नाही. जाऊ दे, तिला त्रास नको.

मी कपाळाला हात लावला, आणि तोही त्यांना वेगळाच दिसला असणार. मग माझ्या मोडक्यातोडक्या खुणांनी सांगायला लागलो. सुई. कपाळात. औषध. त्यानं कपाळ हलत नाही. आत सगळं आहे, बाहेर दिसत नाही. बाबा लक्ष देऊन बघत होते. आणि मग ते हसले, त्यांचं ते बिनआवाजाचं, खांदे हलवणारं हसू. आपलं कपाळ हलू नये म्हणून कोणी बाई आपण होऊन सुया टोचून घेते, यावर कोण विश्वास ठेवेल? त्यांनी माझ्या गालावर हलकी चापट मारली. चांगला आहेस, बायकोला सांभाळून घेतोस.

मी तिला सांगितलं. सांगायला नको होतं असं अजूनही कधी कधी वाटतं. ती धावत आत गेली, पलंगासमोर उभी राहिली आणि दोन्ही हातांच्या बोटांनी आपलं कपाळ धरलं. भुवया दोन्हीकडून दाबून जवळ आणल्या. गुळगुळीत कातडीला तिनं बळेच आठी पाडली. पण हात कपाळात गुंतले, त्यामुळे सांगायला हात उरले नाहीत. मग ती नुसती तोंडानंच म्हणत राहिली, ज्यांना कधीच ऐकू आलं नव्हतं त्यांना.

"घरी चला ना, बाबा. घरी चला."

बाबांनी तिची बोटं एकेक करून सोडवली. कातडी परत सपाट झाली. त्यांनी तिचे दोन्ही हात आपल्या हातात धरले, मग सोडून खुणेनं सांगितलं. बळेच नको आणूस. मी रागावलो नाही.

त्वचेच्या डॉक्टरला फोन केला. तो म्हणाला, हे उतरवायचं औषध नसतं, आपोआप उतरतं, वाट बघा. उतरायला महिने लागणार होते आणि बाबांकडे आठवडे होते. मी तिला म्हटलं, उचलून घेऊन जाऊ, घरी आले की कळेल त्यांना. ती नाही म्हणाली. "जन्मभर लोकांनी त्यांना न विचारता दंड धरून इकडून तिकडे नेलं. मी तरी तसं करणार नाही. मी विचारलं, ते नको म्हणाले."

बाबा वॉर्डातच राहिले. ती रजा टाकून रोज सकाळपासून तिथे बसायची. बाबांनी तिच्याशी कधी वाकडं वागून दाखवलं नाही, उलट फार गोड वागले, पाहुण्याशी वागतात तसे. खुर्ची पुढे कर, बिस्कीट घे, उशीर झाला, आता जा. नर्सला बोलवायला ते हात हलवायचे. हळूहळू हिलाही तसंच बोलवू लागले. ती चिमूट त्यांनी पुन्हा काढली नाही. एका पहाटे गेले. तेव्हा ही वाटेत होती.

अंत्यविधीला आलेल्या वखारीतल्या म्हाताऱ्यांतला एक माझ्या कानाशी मोठ्यानं म्हणाला, पोरगी फार घट्ट मनाची हो, चेहऱ्यावर काही दिसत नाही. त्याला स्वतःला ऐकू येत नसल्यामुळे ते सगळ्यांनी ऐकलं. तिनंही.

कचेरीत साहेबांनी तिला परत समोरच्या खिडकीवर बसवलं. ती आता किती प्रसन्न दिसते, असं ते सगळ्यांना सांगत.

मागच्या खोलीतला पलंग आम्ही महिने उलटले तरी काढला नाही. परवा मी दुकान बंद करून लवकर घरी आलो, तर ती त्या खोलीत आरशासमोर उभी होती. तिनं एक हात लांब केला आणि छातीशी ओढून घेतला. घरी चला. आणि तिचं कपाळ हललं. मधल्या दोन उभ्या रेघा वर आल्या, भुवया आतल्या टोकाला उचलल्या गेल्या. सगळं होतं त्यात. मला ही बोली नीट येत नाही, पण मलासुद्धा कळलं. बाबांना तर दारातूनच कळलं असतं, आणि ते तेव्हाच पायात चपला शोधायला लागले असते.

ती पुन्हा पुन्हा तेच सांगत होती, आणि समोरून उत्तर येत नव्हतं. मला ते बघवेना. मी दारातून हात वर केला आणि बाबा करायचे तशी खूण केली. येतो.

तिनं आरशातून माझ्याकडे पाहिलं. माझ्या हाताकडे नाही, कपाळाकडे. मग तिनं पटलं अशी मान हलवली आणि पलंगावर बसली, बाबांसाठी उशीची बाजू मोकळी ठेवून.