लेकीने सांगितलेला पूल

त्या गावात सांगितल्याशिवाय काही उभं राहत नसे. नदीवरचा पूल रोज सकाळी आई सांगायची, मग तो दिवसभर टिकायचा. आज तिचा घसा बसला, म्हणून लेक पहिल्यांदाच काठावर उभी राहिली. कामावर जाणारे खोळंबले होते. आईचे शब्द न उचलता तिने आपल्याच शब्दांत पूल सांगितला, आणि तो खरंच उभा राहिला.

"अगं, कठडे सांगायचे राहिले की!" पाववाला ओरडला. "आता कोण जीव घालवायला जाणार?"

लेकीचा चेहरा उतरला. आई मात्र पुलावर चढली, ताठ मानेने मधोमध चालत पलीकडे पोचली आणि बसक्या आवाजात ओरडली, "या की! माझ्या पोरीचा पूल आहे, धरायला कशाला लागतंय?"

पाववाला टोपली सावरत पुलावर चढला.