लेनाराचं नाव

कर्जतला दवाखाना थाटण्याआधी प्रज्ञा साळवे डॉक्टरकी शिकायला रशियाच्या ताब्यातल्या क्रिमियात होती. तिथे ती तिथल्या मूळच्या तातार लोकांपैकी एका घरात भाड्यानं राहिली. घरात दोघीच होत्या, म्हातारी सफिये आणि तिची शिक्षिका मुलगी लेनारा. १९४४ साली तिथल्या समस्त तातारांना सोव्हिएत सैनिकांनी पहाटे उठवून मालगाड्यांत कोंबलं आणि दूर उझबेकिस्तानात नेऊन सोडलं. सफियेचा जन्म तिकडचाच, क्रिमियात परतली ती मोठेपणी. वाटेत मेलेल्यांची, मागे राहिलेल्या विहिरींची गाणी तिला आईनं तोंडी दिली होती. दर शनिवारी लेनारा ती शेजारच्या मुलांना शिकवायची, दार लावून.

"दार कशाला?" प्रज्ञानं एकदा विचारलं.

"वारा येतो," लेनारा म्हणाली.

प्रज्ञा त्यांची तातार भाषा शिकली आणि घरी आल्यावर तिनं गाणी मराठीत केली. वडील भाऊसाहेबांनी ती सगळी बसून ऐकली.

"माझी आई जात्यावर असलंच गायची," ते म्हणाले. "तिला कुनी विचारलं न्हाई."

नगरच्या एका वाचनालयानं या गाण्यांचा कार्यक्रम ठेवला. तिकडच्या कुणाचंही नाव घ्यायचं नाही, असं प्रज्ञानं नितीनला बजावलं होतं. तो संयोजक. त्यानं मानही डोलावली. पण माईक हातात आल्यावर त्याला राहवलं नाही. बंद दाराआड भाषा जगवणाऱ्या लेनाराताईंचं त्यानं भरभरून कौतुक केलं, आणि रात्री सगळा व्हिडिओ नावासकट फेसबुकवर टाकला.

सकाळी प्रज्ञानं त्याला फोन केला. "आधी ते काढा."

"मॅडम, मराठी व्हिडिओ तिकडं कोण बघतंय?" तो म्हणाला, पण त्यानं काढला. तोवर परदेशातल्या कुणा तातार माणसानं तो आनंदानं पुढे पाठवला होता.

रविवारी दुपारी प्रज्ञानं नेहमीसारखा लेनाराला फोन लावला. उचलला सफियेनं, आणि ती रशियन बोलू लागली. घरात रशियन शब्द काढला तर हीच म्हातारी ताटावरून उठायची.

"लेनारा ब्रेड आणायला गेली," ती म्हणाली. आवाज सपाट होता, वाचून दाखवल्यासारखा.

मग फोन एका पुरुषाच्या हातात गेला. "डॉक्टर, तुमचा कार्यक्रम छान झाला म्हणे. शनिवारी मुलं कोण कोण यायची हो?"

प्रज्ञानं लगेच सांगितलं, "आठवत नाही."

"आठवून बघा. आम्ही करू परत फोन."

भाऊसाहेब दारात उभे होते. काय झालं ते तिनं सांगितलं.

"पोरांची नावं ठाऊक हाईत तुला?"

"सगळ्यांची."

"मग तू फोनचा नंबरच बदल," ते म्हणाले. तिनं बदलला नाही.

महिन्याभरानं लेनाराच्या तुर्कस्तानातल्या चुलतभावानं कळवलं. लेनारा तुरुंगात होती, खटला कधी उभा राहील ते कुणी सांगत नव्हतं. सफियेला घराबाहेर पडू देत नव्हते.

लेनाराच्या नंबरावरून अजूनही फोन येतो. दवाखान्यात पेशंट असले तरी प्रज्ञा बाहेर व्हरांड्यात जाऊन उचलते. तो माणूस सभ्यपणे तेच विचारतो, ती आठवत नाही म्हणते. तो बोलत असताना मागून म्हातारीच्या खोकल्याचा आवाज येतो. तेवढ्यासाठी ती फोन कानाला लावून उभी राहते. परवा तो खोकला आला नाही.