वीणा खाली ठेवायची नाही

सप्ताह सुरू असताना वीणा खाली ठेवत नाहीत. एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात, रात्रंदिवस. आमच्या कोरेगावकडच्या गावात हा नेम कधी मोडला नव्हता.

जोतीरामतात्यांचा पहारा दुपारीच संपला. ऊन देवळाच्या पायऱ्या उतरून गेलं, तरी पुढच्या पहाऱ्याचा भाऊसो वीणा घ्यायला आला नाही.

कारण सगळ्यांनाच ठाऊक होतं. तात्यांची लेक उत्कर्षा सांगलीला, विश्रामबागेत, माहितीपटांना मराठी आवाज देते. रशियात नदीकाठी कपड्यांविना राहणाऱ्या माणसांवरच्या एका माहितीपटाला तिनं आवाज दिला होता. त्यातला तुकडा सकाळपासून गावभर मोबाइलवर फिरत होता. चित्रात ती माणसं, आणि आवाज हरिपाठ म्हणणाऱ्या पोरीचा.

उत्कर्षा एस्टीतून उतरून पारापाशी आली. देवळाच्या दारातून तात्या अजून वीणा घेऊन उभे दिसत होते. एरवी 'आलीस का गं' म्हणणाऱ्यांनी मोबाइलमध्ये माना घातल्या. भाऊसोही त्यांच्यातच बसला होता.

"भाऊसोकाका, तात्यांचे पाय सुजले असतील. वीणा घ्या की."

"आमी कापडातली माणसं, बाई. तुमच्या घरची वीणा आमाला कशी चालंल?"

पारावर हशा पिकला.

"पुढचं बघितलं का कुणी? त्यांच्या गाववाल्यांनी काय केलं ते? आधी वाट अडवली, मग एकाचं घर पेटवलं. माहितीपट त्याच्यावर हाय, काका. उघड्या अंगावर न्हाई."

हसू थांबलं.

"पेटवलं व्हय?" भाऊसो सावकाश म्हणाला आणि त्यानं बाकीच्यांकडं पाहिलं.

उत्कर्षा देवळात गेली. तात्या खांबाला टेकून कसेबसे उभे होते.

"द्या इकडं, तात्या."

"बाईमाणसानं इथं कवा घेतली न्हाई गं. गाव आणखी चिडंल."

"मग खाली ठेवता?"

तात्यांनी विठ्ठलाकडं पाहिलं. मग गळ्यातली वीणा काढून लेकीच्या गळ्यात घातली आणि खाली बसून डोळे मिटले. उत्कर्षानं नाम धरलं.

बाहेर कुणीतरी मोबाइलचा आवाज वाढवला. तिचाच आवाज सांगत होता, "इथं कुणी कुणाकडं रोखून बघत नाही."

दारातून तिला दिसलं, पारावरची माणसं उठली. ती देवळाकडं आली नाहीत. तात्यांच्या आळीत वळली. घराला नुसती कडी होती.

तिचं पाऊल उंबऱ्याकडं गेलं आणि सूर हलला.

"सोडू नगंस, बाई," तात्या डोळे मिटूनच म्हणाले. "बुवा येतीलच आता कीर्तनाला, ते घेतील वीणा."

रस्त्यावर अजून कुठलीच गाडी दिसत नव्हती. वीणा छातीशी घट्ट धरून ती गात राहिली. पहिला धूर तिनंच पाहिला.