पुसलेली ओळ

मित्रांनो, ग्वाल्हेरच्या नया बाजारातल्या एका माडीवर भिंतीला टेकून उभा असलेला मी एक जुना लाकडी फळा. बिर्ला नगरची माझी शाळा बंद पडली, दौलतगंजच्या भंगारवाल्याने मला उचललं आणि त्याच्याकडून रघुनाथरावांनी मला हातगाडीवर घालून घरी आणलं. "जळणात गेला असतास लेका!" असं म्हणत त्यांनी स्वतः मला काळा रंग दिला. तेव्हापासून मी त्यांचाच.

रघुनाथराव गणिताच्या वाटेने भौतिकशास्त्राचा शोध घेणारे. त्यांना एकच ध्यास: कुणी बघत नसतं, तेव्हा इवलासा कण नेमका कुठे असतो? त्यापायी त्यांनी उभा जन्म वेचला. लोक हसले. पुढे डोळ्यांनीही दगा दिला. कागदावरचं दिसेना, तेव्हा ते माझ्यावर वीतभर अक्षरं काढून सिद्धता मांडू लागले. नात हर्षिता म्हणायची, "आजोबा, फोटो ले लूँ?"

"थांब गं. शेवटची ओळ होऊ दे. अर्धवटाचा कसला फोटो!"

खंडेनवमीच्या सकाळी ती ओळ झाली. रघुनाथराव लहान मुलासारखे हसले आणि पूजेआधी आंघोळीला गेले.

हे घराणं शिपायांचं. तलवारी कधीच गेल्या, म्हणून खंडेनवमीला पूजा होते ती माझी. दरवर्षी रघुनाथराव मला स्वतः पुसत. यंदा त्यांना नीट दिसत नाही, उगाच त्रास कशाला, म्हणून त्यांच्या पत्नी अनसूयाबाई ओलं फडकं घेऊन आल्या. अहो बाई, थांबा! मी आतल्या आत ओरडलो. पण फळ्याचं कोण ऐकतंय? त्यांनी मला लख्ख पुसलं, हळदकुंकू लावलं, झेंडूची माळ घातली.

रघुनाथराव आले. त्यांनी माझ्यावरून हात फिरवला. हाताला ओल लागली.

"अनसूये, काय केलंस हे?"

"अहो, पूजा... तुम्ही सांगा ना, मी लिहिते!" त्या रडू लागल्या.

"आठवत नाही गं. मागचं बघून पुढचं सुचायचं. आता कशाकडे बघू?"

माळ सुकून गेली. रघुनाथराव मात्र रोज खडू घेऊन माझ्यासमोर उभे राहतात. "काय होतं रे इथे? सांग ना!" मित्रांनो, जीव तुटतो माझा. सगळं माझ्याच अंगावर होतं हो, पण मला मेल्याला वाचता कुठे येतं?

म्हणून तुमच्या पाया पडतो. आमची पूजा नाही केलीत तरी चालेल. फक्त फडकं उचलण्याआधी एकदा विचारा, "पुसू का?"