फ्रिजमधल्या किल्ल्या

सकाळी उठल्यावर दिग्दर्शकाने आधी खिडकीची धूसर काच पुसली, मग चहाचे आधण ठेवले. वरच्या मजल्यावरच्या भाडेकरूने खुर्ची सरकवली. न्हाणीघरातल्या नळाने नेहमीसारखा उसासा टाकून पाणी सोडले. मुलीचा ड्रायर सुरू झाला, बायकोने प्रयोगशाळेचा पांढरा कोट इस्त्रीला घेतला, आणि फ्रिज अंगात आल्यासारखा थरथरून गप्प झाला. दिग्दर्शकाने तिघांचे डबे भरले. निघताना मात्र त्याने फ्रिज उघडला आणि अंड्यांच्या खणात गाडीच्या किल्ल्या चाचपू लागला.

"शूटिंग संपून दोन महिने झाले," बायको मान वर न करता म्हणाली. "खिशात बघ."

किल्ल्या खिशातच होत्या.

ही सवय धंद्यातली. संवाद ध्वनिमुद्रित करताना फ्रिजची घरघर मध्ये येऊ नये म्हणून तो बंद करतात, आणि काम आटोपल्यावर सुरू करायला हमखास विसरतात. म्हणून गाडीच्या किल्ल्या आत ठेवायच्या. घरी जायचे तर फ्रिजचे दार उघडावेच लागते, आणि तो बंद असल्याचे आठवते. या खेपेचा सिनेमा त्याने स्वतःच्याच घरात केला होता. घरी जायचा प्रश्नच नव्हता, त्यामुळे युक्ती फसली होती आणि दोनदा सगळे अन्न फेकावे लागले होते.

मायदेश सोडून या देशात आल्यापासून तो कंपन्यांसाठी प्रशिक्षणाच्या फिती आणि लोकांची लग्ने चित्रित करून पोट भरत असे, आणि उरलेल्या वेळात सिनेमे काढत असे. आजवर चार झाले. चारही सिनेमांत कुठली तरी भाड्याची खोली सजवून आईचे स्वयंपाकघर उभे केलेले. इथले समीक्षक ते तिकडचे सिनेमे मानत, तिकडचे लोक इथले मानत, आणि त्याला स्वतःला दोघांचेही पटत असे. पाचवा मात्र याच घराचा, याच वर्षाचा होता: घर सोडून निघालेली मुलगी आणि मागे राहणारे आईबाप. आईची भूमिका बायकोने केली होती. आधीच्या चारही वेळी तिने सासूच्या स्वयंपाकघराच्या भिंती रंगवल्या होत्या; कॅमेऱ्यापुढे ती पहिल्यांदाच उभी राहत होती.

पहिल्या दिवशी तिने विचारले होते, "या वेळी तरी मी माझ्याच ओट्याशी उभी आहे ना? सासूबाईंच्या नाही?"

त्याने हो म्हटले होते. तेवढे एक हो खरे करण्यासाठी आता आठवडा उरला होता. त्यानंतर सिनेमा महोत्सवाकडे जाणार होता.

ध्वनिमिश्रण करणाऱ्या बाईंना सगळे कानसेन म्हणत. त्याच्या पहिल्या सिनेमापासून त्या सोबत होत्या, आणि मानधनाऐवजी त्याला टोमणे मारायची मुभा त्यांनी तेव्हाच मागून घेतली होती. त्यांच्या खोलीला खिडकी नव्हती. भिंतींना जाड करडे कापड लावलेले होते, आणि आत बोललेला शब्द तोंडापुढेच खाली पडल्यासारखा वाटे.

त्यांनी विचारले, स्वयंपाकघराच्या प्रसंगाखाली कुठली शांतता घालायची? प्रत्येक जागेची रिकामी शांतता वेगळी असते. सगळ्यांना गप्प बसवून ती मिनिटभर टिपून घेतात आणि संवादांच्या खाली अंथरतात, नाहीतर दोन वाक्यांमध्ये भोके पडल्यासारखी वाटतात. दिग्दर्शकापाशी दोन शांतता होत्या. एक या घरातली, शूटिंगच्या वेळी घेतलेली. दुसरी देश सोडायच्या दुपारी आईच्या स्वयंपाकघरात घेतलेली. ती चारही सिनेमांत होती. आई त्या मिनिटभर स्टुलावर गप्प बसून राहिली होती. आता आई नव्हती.

"नेहमीचीच घाला," तो म्हणाला. आणि लगेच त्याला बायकोचे वाक्य आठवले. तो म्हणाला, थांबा. मग म्हणाला की इथल्या घरातली शांतता मेल्यासारखी वाटते, आईच्या घरातली जिवंत आहे. मग त्याचेच त्याला कळेना.

कानसेन म्हणाल्या, "पाठ फिरव. दोन्ही ऐकवते. जिवंत कुठली ते सांग."

त्याने डोळे मिटले. पहिली शांतता सुरू झाली आणि त्याला स्टूल दिसले, पदर दिसला, खिडकीच्या गजांवर वाळत घातलेले फडके दिसले. दुसरी त्याने पुरती ऐकलीही नाही.

"पहिली."

कानसेनांनी पडद्यावरचे नाव पुन्हा एकदा वाचले. "पहिली तुझ्या इथल्या घराची," त्या म्हणाल्या. त्याचा चेहरा पाहून त्यांनी घाईने सांगितले की नाव वाचल्याशिवाय त्यांनाही ओळखता आले नसते, वाईट वाटून घेऊ नये.

तो गाडीत येऊन बसला, पण किल्ली फिरवली नाही. इतकी वर्षे जिच्यावर विसंबून सिनेमे काढले, ती खूण त्याला ओळखताच येत नव्हती. मग त्याला आठवत होते ते काय? आणि चार सिनेमे कशावर उभे होते? त्याने तिकडे राहणाऱ्या दादाला फोन लावला आणि विचारले, दुपारी आपल्या स्वयंपाकघरात कसला आवाज असायचा?

दादाला आधी वाटले, याला बरे नाही. मग तो हसला.

"अरे, तो फ्रिज केवढा धडधडायचा. आई त्याला म्हातारा म्हणायची. म्हातारा खोकला की दूध बाहेर काढा, म्हणायची. आणि ती स्वतः एक मिनिट गप्प होती का कधी? डाळीच्या डब्याशीसुद्धा बोलायची."

"माझ्या टेपवर गप्प आहे."

"तू गप्प बसवलंस म्हणून. फ्रिजही तूच बंद केलास आणि तसाच विमानतळावर गेलास. सगळं दूध नासलं. आई म्हणाली, त्याला सांगू नका, परक्या मुलखात जिवाला लावून घेईल."

फोन ठेवल्यावर दिग्दर्शक स्टिअरिंगवर हात ठेवून बसून राहिला. लाज वाटावी की हसू यावे, हे त्याला ठरवता येईना. एवढे मात्र हळूहळू दिसू लागले की दोन्ही शांतता सारख्या का होत्या. दोन्ही घरांत जे जे घराचे होते, ते त्याने आधी बंद केले होते आणि मगच ऐकायला बसला होता.

घरी त्याने यातले काही सांगितले नाही. बायकोने विचारले, काम झाले का? तो म्हणाला, थोडे राहिले आहे.

दुसऱ्या दिवशी उठल्यावर त्याने काच पुसली, आधण ठेवले, आणि रेकॉर्डर कपाटातून काढून फ्रिजवर ठेवला. वरची खुर्ची सरकली. नळाने उसासा टाकला. बायकोने इस्त्रीची वायर लावता लावता रेकॉर्डरचा लाल दिवा पाहिला आणि सवयीने थबकली. दोन्ही हात तसेच अधांतरी ठेवून तिने डोळ्यांनी विचारले: गप्प राहू?

"नको," तो म्हणाला. "चालू दे तुझं."

"माझं काय चालू असतं?"

"हेच."

"वेडा आहेस," असे म्हणून तिने कोट पसरला आणि मुलीला हाक मारून, ओला टॉवेल पलंगावर टाकण्यावरून बोलायला सुरुवात केली. मुलीने आतून उत्तर दिले. फ्रिज थरथरला.

तिच्या बोलण्यात मध्ये मध्ये नुसते घर ऐकू येणाऱ्या जागा होत्या. तेवढ्या जोडल्या तर प्रसंगाला पुरणार होत्या. सगळे आटोपल्यावर त्याने ती फीत कानसेनांना पाठवली आणि खाली लिहिले, घरघर काढू नका. आईची शांतता त्याने या सिनेमाच्या फोल्डरमधून उचलून वेगळी ठेवली. मग फ्रिजवरून रेकॉर्डर उतरवला, डबे भरले, आणि किल्ल्या खिशात आहेत याची खात्री करून निघाला.