चिंधीचा कान

"एवढ्या पैशांत तर माणसाचं ऑपरेशन होतं गं!" प्राण्यांच्या दवाखान्यातल्या बाकावर शिंपी बायकोच्या कानाशी पुटपुटला.

पडद्यामागून डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तुमची नसबंदी करायची असेल तर सरकारी दवाखान्यात फुकटात होईल. कुत्रीचं मात्र एवढंच."

शिंप्याने घसा खाकरला. चिंधी त्याच्या चपलेवर हनुवटी टेकून निवांत पडली होती. मागच्या खेपेची पिल्लं दारोदार वाटताना नवराबायकोच्या नाकी नऊ आले होते, तेव्हा ऑपरेशन करायचं हे ठरलेलंच होतं. घोडं अडलं ते खर्चापाशी.

वाटेत त्यालाच सुचलं. भटक्या कुत्र्यांना उचलणारी गाडी हेच काम फुकट करते.

"घरची कुत्री नाही घेत ते," बायको म्हणाली.

"पट्टा काढला की घरची काय न् बाहेरची काय!"

लेक परीक्षेसाठी परगावी गेलेली, म्हणजे आडवं येणारं कुणी नव्हतं. गल्लीत सगळे ओळखीचे, म्हणून बायको चिंधीला बाजारामागच्या मैदानापाशी घेऊन गेली. शिंप्याला नेमका त्याच दिवशी कुणाचा तरी कोट द्यायचा होता.

जिथून उचललं तिथेच आणून सोडायचं, हा गाडीवाल्यांचा नियम. तिथून चिंधी वास काढत आपली आपण घरी आली. पोटावरचे टाके इतके सुबक, की शिंप्यानेही मान डोलावली. पण उजव्या कानाचं टोक उडवलेलं. भटकं कुत्रं पुन्हा पकडलं जाऊ नये म्हणून तशी खूण करतात, हे दोघांनाही ठाऊक नव्हतं.

आणि ती घरात येईना. बाहेर पायपुसण्यावर बसायची. दिलेलं दूध प्यायची, हाक मारली की शेपूट हलवायची, पण पाहुणीसारखी, बेतानं. बायको दार रात्रंदिवस उघडं ठेवू लागली. शिंपी डासांबद्दलसुद्धा कुरकुरला नाही.

लेक आली ती दारातच थबकली. "हिच्या कानाला काय झालं?"

"भांडली असेल कुणाशी," मशीनवरून मान न उचलता शिंपी म्हणाला.

"फाटकात अडकला," बायको त्याच दमात म्हणाली.

"आधी दोघं मिळून काय ते ठरवा. बाबा, हे कात्रीनं कापलंय. शिंप्याच्या पोरीला सांगताय? आणि पट्टा कुठाय हिचा?"

"सैल झाला होता," शिंपी म्हणाला. मशीन थांबलं होतं, तरी त्याची नजर सुईवरच होती.

लेकीनं चिंधीला आत घ्यायला हात पुढे केले. चिंधी अंग चोरून मागं सरकली.

"ओढू नकोस तिला," आई म्हणाली आणि दारातच, खाली फरशीवर बसली. "गाडीवाल्यानं विचारलं होतं मला, ही कुणाची म्हणून. माझ्या पायाशीच बसली होती गं ती. मी म्हटलं, कुणाचीच नाही."